सेलरी: बियांपासून की बुडख्यापासून?
पुण्यातली खरी थंडी नोव्हेंबर ते फेब्रुवारी, आणि सेलरीला रोप लावल्यावरही सुमारे ३ महिने लागतात. म्हणून बी ऑगस्टमध्येच सावलीत पेरावं. ते अगदी बारीक असतं, रुजायला उजेड लागतो. पुरू नका, मातीवर नुसतं दाबा. उगवायला २-३ आठवडे, लावणीजोगं व्हायला १०-१२. चिकाटीचं काम, पण जाड, रसाळ देठ यातूनच मिळतात.

विकतच्या जुडीचा बुडखा पाण्यात ठेवला तर आठवड्यात पालवी फुटते, मग तो मातीत लावायचा. सूपपुरता पाला मिळतो, देठ मात्र बारीकच. शिवाय त्या जुडीवर काय फवारलं होतं, कोण सांगणार? मी बीच पेरते.

दोन्हीला गांडूळखत भरपूर द्या. मूळची दलदलीतली ही वनस्पती. माती सुकली की देठ चिवट होतात.