टेक्ससमध्ये कॉलेज : टीएसआय परीक्षा द्यावी की तिच्यातून सूट मिळवावी?

टेक्ससमधल्या सरकारी कॉलेजात किंवा विद्यापीठात पदवीसाठी नाव घालायचं, तर टीएसआयचा (टेक्सस सक्सेस इनिशिएटिव्हचा) टप्पा चुकत नाही. इंग्रजी वाचन-लेखन आणि गणित कॉलेजच्या पातळीवर झेपेल का, हे त्यात पाहतात. टीएसआयए-२ ही आताची परीक्षा जानेवारी २०२१ पासून आहे. डॅलस, ह्यूस्टन, ऑस्टिनकडच्या मराठी आईवडिलांचा सूर बहुधा एकच असतो, 'सूट मिळाली तर बरं'. पण ती कोणत्या वाटेने मिळवायची, आणि तिच्यामागे लागण्यात फायदा आहे का, हे मुलाला पुढे कुठे जायचंय यावर ठरतं.

सर्वांत भक्कम सूट एसएटीची, म्हणजे अमेरिकेतल्या कॉलेज-प्रवेशाच्या परीक्षेची. वाचन-लेखनात ४८० मिळाले की इंग्रजीच्या भागातून सुटका, गणितात ५३० मिळाले की गणितातून. दोन्ही एकदम मिळायलाच हवेत असं नाही. गणितात ६०० आणि इंग्रजीत ४६० असतील, तर टीएसआयचा फक्त इंग्रजीचा भाग द्यायचा. एसीटी ही तशीच दुसरी प्रवेश-परीक्षा फेब्रुवारी २०२३ च्या मध्यानंतर दिली असेल, तर इंग्रजी आणि रीडिंग मिळून ४०, गणितात २२ लागतात. हे गुण पाच वर्षं चालतात आणि राज्यातल्या कुठल्याही सरकारी कॉलेजात चालतात. यूटी ऑस्टिनने (ऑस्टिनच्या टेक्सस विद्यापीठाने) २०२५ च्या फॉलमधल्या, म्हणजे शरद सत्रातल्या प्रवेशापासून एसएटी-एसीटी पुन्हा सक्तीची केली आहे. तिथे अर्ज करणारं मूल ही परीक्षा देणारच, तेव्हा वरचे गुण पडले की सूट आपोआप पदरात पडते.

मात्र ज्याला आधी दोन वर्षं कम्युनिटी कॉलेजच करायचंय, त्याला केवळ सूट मिळावी म्हणून एसएटीच्या क्लासला घालणं मला अजिबात पटत नाही. टीएसआयए-२ त्याच्यासाठी जास्त सोयीची आहे. तिला वेळेचं बंधन नाही, आणि घाईने गडबडणाऱ्या मुलांना हा फार मोठा आधार असतो. गणिताचे पहिले प्रश्न फक्त २०, इंग्रजीचे ३०, शिवाय एक निबंध. गणितात ९५० झाले की काम झालं. इंग्रजीत ९४५ आणि निबंधात ८ पैकी ५ लागतात. यापेक्षा कमी पडले तर लगेच दुसरा, निदानाचा भाग सुरू होतो आणि त्यातूनही पास होता येतं. परीक्षेआधीचा सराव-उपक्रम सक्तीचा आहे, तो उरकून टाकायचा म्हणून करू नये. निबंधाला मुलं हलकं घेतात आणि तिथेच अडकतात, म्हणून तयारी करायचीच तर निबंधाची करा.

नापास झालं म्हणून प्रवेश जात नाही. कॉलेजच्या विषयासोबत मदतीचा जोडवर्ग घ्यावा लागतो. त्याची फी आणि तास मात्र वाढतात.

शाळेतले कॉलेज-प्रेप, म्हणजे कॉलेजची तयारी करून घेणारे वर्ग हा तिसरा मार्ग. बारावीत वर्षभर शिकून सूट मिळते, म्हणजे परीक्षेचा ताण ज्यांना सोसत नाही त्यांच्यासाठी उत्तमच. पण ही सूट शाळेचा ज्या कॉलेजशी करार आहे तिथली, आणि तीही शाळा संपल्यापासून दोन वर्षांपुरती. मूल दुसऱ्या शहरात जाणार असेल तर त्या कॉलेजला आधी विचारल्याशिवाय यावर विसंबू नका.

ड्युअल क्रेडिटवाल्यांचा, म्हणजे शाळेत असतानाच कॉलेजचे विषय घेणाऱ्यांचा, इथे हमखास गोंधळ होतो. पीएसएटीत (एसएटीच्या आधीच्या सराव-परीक्षेत) इंग्रजीत ४६० आणि गणितात ५१० असतील तर हे विषय घेता येतात. ती तात्पुरती परवानगी आहे, सूट नव्हे. शाळा संपली की टीएसआयचा हिशेब पुन्हा समोर येतो. शाळेतल्या काउन्सेलरकडून 'पात्र आहे' एवढंच ऐकून थांबू नका, कशासाठी पात्र आहे तेही विचारा.

इंजिनीअरिंगकडे जाणाऱ्यांनी आणखी एक ध्यानात ठेवावं. टीएसआयच्या गणितातून सुटलात म्हणजे थेट कॅल्क्युलसला बसता येतं असं नाही. टेक्सस ए अँड एममध्ये त्यासाठी विद्यापीठाची स्वतःची गणिताची प्लेसमेंट परीक्षा आहे. शाळेच्या शेवटच्या वर्षात गणित सोडून दिलेलं मूल सूट मिळाल्याच्या आनंदात राहतं आणि तिथे मागे पडतं.

भारतात पदवी घेऊन आलेल्या आणि इथे नर्सिंगचे किंवा अकाउंटिंगचे विषय घेऊ पाहणाऱ्या कितीतरी जणी परीक्षेच्या तयारीला लागतात. त्याआधी पदवीचं मूल्यांकन करून घ्या आणि कॉलेजच्या प्रवेश विभागाला ते सूट मिळायला चालेल का हे लेखी विचारा. मूल्यांकन कोणत्या संस्थेचं लागतं हे कॉलेजच सांगतं, म्हणून पैसे भरण्याआधी यादी मागवा. एक वर्षाचा किंवा त्याहून छोटा सर्टिफिकेट कोर्स, म्हणजे ४२ क्रेडिट तासांपर्यंतचा, करायचा असेल, तर त्यालाही सूट मिळू शकते. पुढे पदवीकडे वळायचा विचार असेल, तर टीएसआय तेव्हा द्यावी लागेल हे धरूनच कोर्स निवडा.