शेतरस्त्याच्या केसला केलेले वकील – आमचा अनुभव

वकिलांचं नाव टाकत नाहीये, कारण समोरची पार्टी आमचे चुलत काकाच आहेत आणि भाऊबंदकीत आधीच खूप वाईटपणा आलाय. पण शेतरस्त्याच्या केसला वकील बघताना काय बघायचं हे आम्हाला फार उशिरा कळलं म्हणून लिहितोय.

आमच्या गटात जायला काकांच्या बांधाकडेने गाडीवाट होती, आजोबांच्या आधीपासूनची वहिवाट. ऊस तोडीला आला आणि काकांनी जेसीबी लावून वाटेत आडवा चर मारला. आम्ही घाईघाईत एक वकील केले, त्यांनी तहसीलला कलम 143 चा अर्ज टाकला आणि मग नुसत्या तारखा पडत राहिल्या. चार महिने गेले, ऊस डोक्यावर वाहून बाहेर काढायची वेळ आली, आईने तर रडायचंच बाकी ठेवलं होतं.

मग एकाच्या सांगण्यावरून या दुसऱ्या वकिलांकडे गेलो. आम्ही भांडणाची सगळी कहाणी सांगायला लागलो तर ते म्हणाले, "ते नंतर, आधी चर कुठल्या तारखेला मारला ते सांगा." मला तेव्हा रागच आला, पण सगळा खेळ त्या तारखेवरच होता. त्यांनी समजावून सांगितलं की महसूल अधिनियम 1966 चं कलम 143 हे रस्ताच नसेल आणि बांधावरून नवीन मागायचा असेल तर, आणि आधीपासून चालू असलेला रस्ता कुणी अडवला असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम 1906 चं कलम 5, आणि त्याला अडवल्यापासून फक्त सहा महिन्यांची मुदत. दोन्ही तहसीलदारांकडेच चालतात म्हणून लोकांचा गोंधळ होतो. आमचे साडेचार महिने संपले होते!! आधीचा अर्ज मागे घेऊन नवीन दावा त्यांनी आठवड्याच्या आत टाकला, याच्यासाठी त्यांना शंभर टक्के मार्क.

दुसरी गोष्ट म्हणजे मधल्या काळात काकांनी निरोप पाठवला की स्टॅम्पवर लिहून द्या, "वाट काकांच्या परवानगीने वापरतो", मग चर बुजवतो. आम्ही सही करायला तयार होतो हो, ऊस उभा होता ना. वकिलांनी फोनवरच थांबवलं. परवानगी म्हटली की हक्क गेला, परवानगी उद्या काढून घेता येते, आणि सुविधाधिकार कायदा 1882 (दुसऱ्याच्या जमिनीतून जायच्या-यायच्या अशा हक्कांचा कायदा) प्रमाणे 20 वर्षं उघडपणे, विनाखंड, हक्काने वापर दाखवायचा असेल तर तो कागद आपल्याच विरोधात वापरला जातो. त्या एका फोनने आमचा रस्ता वाचला असं मी आजही मानतो.

स्थळ पाहणीला ते स्वतः आले, ज्युनियरला पाठवलं नाही. भूमी अभिलेखमधून काढलेली गाव नकाशाची नक्कल ट्रॅक्टरच्या बॉनेटवर पसरली आणि मंडळ अधिकाऱ्यांना पेनने दाखवलं, ही तुटक दुहेरी रेघ म्हणजे गाडीमार्ग, एकेरी तुटक असती तर पायवाट. मग चराच्या दोन्ही बाजूंना गवत बाजूला करून चाकोऱ्या दाखवल्या, बैलगाडीच्या लोखंडी धावेने मुरूम दगडासारखा घट्ट झालेला, एका चाकोरीतून टेप धरला तर दुसरी बरोबर समोर. पंचनाम्यात ते शब्दाशब्दाने लिहून घेतलं. पलीकडच्या गटातल्या म्हाताऱ्या आबांचा जबाबही घेतला. आदेश आमच्या बाजूने झाला, काका प्रांतांकडे (तहसीलदारांच्या वरचे अधिकारी) फेरतपासणीत गेले, तिथेही टिकला.

आता न आवडलेलं पण सांगतो. फोन उचलत नाहीत, मेसेजला दोन दोन दिवस उत्तर नाही, आणि अशा केसमध्ये माणूस रात्रभर जागा असतो हे त्यांनी समजून घ्यायला पाहिजे. आदेश झाला की त्यांच्या दृष्टीने काम संपलं. प्रत्यक्ष चर बुजवायला पोलीस बंदोबस्तासाठी अर्ज, पाठपुरावा हे सगळं आम्हीच केलं. रस्त्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कात करून घ्यायची हेही आम्हाला तलाठी ऑफिसात दुसऱ्या एका शेतकऱ्याने सांगितलं, नाहीतर उद्या काकांनी जमीन विकली तर नवीन मालकाशी परत पहिल्यापासून भांडण. हे वकिलांनी सांगायला हवं होतं, यात मला कमतरता वाटली. फी मात्र दोन टप्प्यांत घेतली, मधेच वाढवली नाही.

पाचपैकी चार स्टार देतो. जाताना गाव नकाशा, दोन्ही गटांचे सातबारे आणि अडवल्याच्या दिवसाचे फोटो घेऊन जा, ते पहिल्या भेटीतच मागतात.

नोंदीचा फेरफार मंजूर झालाय, यंदा कारखान्याची गाडी थेट फडापर्यंत आली. काका अजून बोलत नाहीत.