ब्रॅकेजच्या फिल्म्सचा डीव्हीडी संच: दिवे घालवून बघा

क्रायटेरियन या अमेरिकन डीव्हीडी कंपनीने २००३ साली काढलेला, स्टॅन ब्रॅकेज या अमेरिकन प्रायोगिक फिल्मकाराच्या २६ फिल्म्सचा हा दोन डिस्कचा संच मी पुन्हा पुन्हा लावते. त्यातली 'मॉथलाइट' (१९६३) बघाच. जेमतेम चार मिनिटांची, मुकी. कॅमेरा वापरलेलाच नाही! मेलेल्या पतंगांचे पंख, पाकळ्या, गवताची पाती पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबून त्याचंच रीळ केलंय. मध्येच थांबवून पाहा, पंखाची शीर न् शीर दिसते, तपकिरी, सुकलेल्या पिंपळपानासारखी. जवळजवळ पन्नास वर्षं हा माणूस तुटपुंज्या पैशांत असाच काम करत राहिला, साडेतीनशेच्या वर फिल्म्स केल्या. पुढे तर थेट रिळावरच रंग लावायचा. तशी रंगवलेली 'द दान्ते क्वार्टेट' (१९८७) मला सगळ्यात आवडते. निळा असा काही उसळतो की श्वास अडकतो.