खोक्यावरची आजी गोड, पडद्यावरची खाष्ट: ‘आबुएलिता’ चॉकलेट

‘आबुएलिता’ म्हणजे स्पॅनिशमध्ये आजी, आणि याच नावाचं दुधात विरघळवून प्यायचं मेक्सिकन चॉकलेट. पिवळ्या खोक्यावर हसणारी पांढऱ्या केसांची बाई मात्र कुणा चित्रकाराच्या डोक्यातून आलेली नाही. ती सारा गार्सिया (१८९५–१९८०), मेक्सिकन सिनेमातली हक्काची आजी. ब्रँड १९३९चा, ला अस्तेका या कारखान्याचा. पुढे नेस्लेकडे गेला. साराबाईंचा चेहरा त्यावर १९७३ पासून आहे.

खोक्यात ९० ग्रॅमच्या ६ वड्या येतात. एका वडीला ४ कप, म्हणजे साधारण लिटरभर दूध. अमेरिकेतल्या मोठ्या किराणा दुकानांत हे खोकं सहज मिळतं.

वडी अख्खी पातेल्यात टाकायची नाही. ती तळाशी बसते, तिच्यातली साखर करपते आणि सगळ्या दुधाला जळका वास लागतो. आधी बत्त्याने तुकडे करा, अर्धा कप गरम दुधात पूर्ण विरघळवा, मग उरलेलं दूध घालून मंद आचेवर सतत ढवळत उकळी आणा. फेस हवाच. मेक्सिकोत त्यासाठी मोलिनियो वापरतात: सैल कड्या असलेली लाकडी घुसळणी, दोन तळहातांत धरून फिरवायची. आपली रवी तेच काम करते. पातेलं खाली उतरवून दोन-तीन मिनिटं घुसळा. भांडं उभट असावं, नाहीतर ओटा पुसत बसाल. म्हशीचं दूध नुसतं वापरलं तर वर तवंग येतो, कारण वडीतही वनस्पती तेल आहे. दोन भाग दुधाला एक भाग पाणी घाला. वेगळी साखर अजिबात नको.

उन्हाळ्यात वडी पांढुरकी दिसली तर फेकू नका. आतली चरबी वितळून वर आलेली असते, एवढंच. आणि बारसारखी चावून खायला जाऊ नका, दाताखाली साखर कचकचते.

चव? घटकांच्या यादीत साखर पहिली, कोको तिच्या मागे, आणि दालचिनीचा वास येतो तो स्वादद्रव्याचा. दुधात खरी दालचिनीची काडी आणि चिमूटभर मीठ टाकलं की बराच फरक पडतो. तरीही पेय म्हणून ५ पैकी ३. चेहऱ्याला मात्र पैकीच्या पैकी.

कारण हा चेहरा कमावलेला आहे. मूकपटांच्या काळात, १९१७ मध्ये, सुरुवात. पुढे सुमारे दीडशे चित्रपट. चाळिशीच्या आसपास म्हातारीच्या भूमिकेसाठी तिने १४ दात काढून घेतले, असं सांगतात. तोंडाचं बोळकं आणि पांढरा विग घेऊन ती वयाच्या कितीतरी आधी म्हातारी झाली आणि तशीच राहिली. १९४१च्या ‘क्वांदो लोस इहोस से वान’मध्ये ती सोसणारी, डोळे पुसणारी आई आहे. खोकं विकतं ते हेच रूप, आणि तिच्या कामातला हाच भाग मला सर्वांत कमी आवडतो. खरी गंमत ‘लोस त्रेस गार्सिया’त (१९४७): चिरूट ओढणारी, तीन आडदांड नातवांना काठीने सरळ करणारी दोन्या लुइसा. त्यातल्या एका नातवाच्या भूमिकेत मेक्सिकोचा लाडका गायक-नट पेद्रो इन्फांते आहे आणि दृश्य मात्र आजी खाऊन जाते! १९७२च्या ‘मेकानिका नासिओनाल’मध्ये तर तिच्या तोंडी सर्रास शिव्या आहेत. त्यानंतर वर्षभरातच ती खोक्यावर गोड हसायला लागली.

बघायचं असेल तर ‘लोस त्रेस गार्सिया’ आधी आणि ‘वुएल्वेन लोस गार्सिया’ नंतर, त्याच क्रमाने. दुसऱ्या भागाला रुमाल जवळ ठेवा.