बानावे ते बाताद, बांधांवरून चालत: इफुगाओच्या ट्रेकचा काही महिन्यांनंतरचा अनुभव

फिलिपिन्समध्ये, लुझॉन बेटाच्या उत्तर भागात, कोर्डिलेरा डोंगररांगेत इफुगाओ प्रांत आहे. तिथल्या बानावेहून निघून पुला, काम्बुलो, बाताद आणि बांगान या गावांतून जाणारा दोन मुक्कामांचा ट्रेक आम्ही मित्रमैत्रिणींनी फेब्रुवारीच्या अखेरीस केला. आल्या आल्या लिहिलं असतं तर हिरवा रंग आणि टप्प्याटप्प्यांची शेतं यापलीकडे फारसं काही कागदावर उतरलं नसतं. मध्ये बरेच महिने गेले, तिकडची कापणीही होऊन गेली. काय मनात टिकलं आणि काय विरून गेलं, ते आता नीट सांगता येईल.

मत आधीच सांगून टाकते. ट्रेक अवश्य करा, पण गाइड त्या गावांतलाच घ्या. राहणं, जेवण, वाहन या सगळ्यात तडजोड चालेल. गाइडच्या बाबतीत नको.

याचं कारण चालायला लागल्यावर लगेच कळतं. पुला गावाच्या पुढे बराचसा रस्ता म्हणजे खाचरांचे बांध आणि पाटांच्या कडा. एका हाताला पाणी, चिखल आणि नुकती लावलेली रोपं. दुसऱ्या हाताला थेट खालच्या खाचरात उतरणारी भिंत, कुठे कमरेइतकी, कुठे दोन पुरुष उंच. काही ठिकाणी बांधाची रुंदी जेमतेम एका पावलाची. आमचा गाइड काम्बुलोचा होता. पहिल्या बांधावर पाय ठेवायच्या आधी त्याने आम्हाला थांबवून सांगितलं: तोल गेलाच तर आत चिखलात पडा, बाहेरच्या बाजूला जाऊ नका. पडलात तर रोपं तुडवत पुढे जाऊ नका, जिथे पडलात तिथूनच वर या. कडेच्या दगडावर भार देऊ नका, मधल्या घट्ट मातीवर पाय टाका. ट्रेकिंगच्या काठीचं टोकदार टोक बांधात भोकं पाडतं, म्हणून त्यावर रबरी टोपण बसवायला लावलं. ज्याच्याकडे टोपण नव्हतं त्याची काठी पिशवीत गेली.

कुठल्या बांधावरून आज जायचं नाही, हेही त्यालाच ठाऊक होतं. एका ठिकाणी सरळ वाट दिसत असून त्याने आम्हाला लांबून वळसा घालायला लावला, कारण तो बांध आदल्या दिवशीच लिंपला होता आणि अजून ओला होता. हे कुठल्या नकाशात किंवा ॲपमध्ये सापडणार? बातादमध्ये भेटलेला एक मोठा गट मनिलाहून आलेल्या गाइडबरोबर होता. ते सगळे फोटोसाठी अशाच एका ताज्या बांधावर ओळीने उभे राहिले. खालच्या खाचरातून एक आजी दोन्ही हात हलवून त्यांना उतरायला सांगत होत्या. गटाला वाटलं त्या हात करताहेत, त्यांनीही हात केले. त्यांच्या गाइडलाही त्या काय म्हणताहेत ते कळत नव्हतं. आमचा गाइड धावत गेला आणि त्यांना खाली उतरवलं. मला त्या आजींकडे बघवेना.

आज सगळ्यांत स्पष्ट आठवतं ते तिथलं पाणी. खाचरांच्या वर, डोंगरमाथ्याकडे, घराण्याघराण्याने राखलेली रानं असतात. त्यांना तिकडे मुयोंग म्हणतात. सरपण, घराचं लाकूड, वेत, औषधी झाडपाला हे सगळं मुयोंगमधून येतं, पण त्याचं मोठं काम पाणी धरून ठेवण्याचं. पाऊस तिथे मुरतो, झऱ्यांतून बाहेर येतो, पाटांनी आणि बांबूच्या पन्हळींनी सर्वांत वरच्या खाचरात उतरतो, तिथून बांधातल्या तोंडातून खालच्यात, मग त्याच्या खालच्यात, असा थेट नदीपर्यंत. ज्याचं रान गेलं त्याचं पाणी गेलं आणि त्याच्या खाली असलेल्या सगळ्यांचंही गेलं.

आणखी एक गोष्ट मला तिथे जाईपर्यंत माहीत नव्हती. पीक निघालं तरी ही खाचरं कोरडी पडू देत नाहीत. सुकली की माती तडकते. पुढच्या मोठ्या पावसात पाणी त्या भेगांत शिरतं, भिंत आतून फुगते आणि ढासळते. वरची पडली की तिच्या मातीदगडाच्या भाराने खालच्याही पडतात. काम्बुलोहून बातादकडे जाताना गाइडने अशी एक जागा दाखवली. घरातली माणसं कामधंद्यासाठी बागियो शहरात गेलेली, वरच्या खाचरात गवत माजलेलं आणि त्याखाली एकाखाली एक खचलेल्या भिंती. खालची खाचरं दुसऱ्यांची होती आणि ती माणसं अजून शेती करत होती. त्या वळणावर मी बराच वेळ उभी राहिले. त्या वाटेवरचं सगळ्यांत सुंदर दृश्य कुठलं असं कुणी विचारलं तर मला आठवावं लागेल, पण ही जागा लगेच डोळ्यांपुढे येते.

लावणीचे दिवस असल्याने बायका खाचरांत वाकून काम करत होत्या, आणि लावणीइतकाच वेळ गोगलगायी वेचण्यात जात होता. ही सोनेरी गोगलगाय मूळची दक्षिण अमेरिकेतली. १९८० च्या दशकात खाण्यासाठी पाळायला म्हणून ती फिलिपिन्समध्ये आणली गेली, शेतात पसरली आणि कोवळी रोपं फस्त करू लागली. बांधाच्या दगडांवर आणि रोपांच्या देठांवर तिच्या अंड्यांचे भडक गुलाबी पुंजके दिसतात. पहिल्या दिवशी आम्ही त्यांचे फोटो काढले. दुसऱ्या दिवशी दिसेल तो पुंजका गाइडला दाखवत होतो. मोठाली गांडुळं बांध पोखरतात ते दुखणं वेगळंच.

बातादचं खोरं एखाद्या खुल्या रंगमंडपासारखं अर्धगोल आहे, आणि तिथल्या भिंती बहुतांशी दगडी. भिंतींतून पुढे काढलेले दगडच वर-खाली जायच्या पायऱ्या आहेत. खाली मधोमध गाव. तिथून तापिया धबधब्याकडे उतरणारी वाट गुडघ्यांची परीक्षा घेते. उतरताना भीती वाटते आणि चढताना दम लागतो. गुडघे दुखरे असतील तर धबधबा सोडून द्या आणि तो वेळ गावात घालवा. काही बिघडत नाही.

इथे एक गोष्ट सांगायला हवी, कारण बऱ्याच जणांचा गोंधळ होतो. बानावेच्या व्ह्यूपॉइंटवरून दिसणारी, वीस पेसोंच्या नोटेवर छापलेली खाचरं युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत नाहीत. १९९५ मध्ये यादीत गेलेले पाच समूह म्हणजे बाताद, बांगान, मायोयाओ, हुंगदुआन आणि नागाकादान. २००१ मध्ये त्यांची नोंद धोक्यातल्या वारशांत झाली आणि २०१२ मध्ये ती काढली गेली. म्हणजे नुसता व्ह्यूपॉइंट बघून परतणाऱ्याने यादीतलं काहीच पाहिलेलं नसतं.

ही खाचरं दोन हजार वर्षांची, असं तिकडे जागोजागी ऐकायला मिळतं. हा अंदाज विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातल्या ओटली बेयर या मानववंशशास्त्रज्ञाचा. पुरातत्त्वज्ञ स्टीफन आकाबादो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अलीकडे केलेल्या उत्खननातून आणि रेडिओकार्बन कालमापनातून वेगळं चित्र पुढे आलं. आधी इथे अळकुडीची लागवड होती आणि पाण्यातली भातशेती स्पॅनिश लोक लुझॉनमध्ये आल्यानंतर, म्हणजे साधारण चारशे वर्षांपूर्वी, झपाट्याने वाढली. सपाटीवरून सरकत डोंगरात आलेल्या लोकांनी स्पॅनिश सत्तेला दाद न देता इथे पाय रोवले, ते या शेतीच्या जोरावर. काही जणांना वय घटल्याचं वाईट वाटतं. मला हे जास्त थक्क करणारं वाटतं, कारण एवढे डोंगर मोजक्या पिढ्यांनी, संकटाला तोंड देत, हाताने बांधून काढले.

आता घरांबद्दल. बातादमध्ये पत्र्याची छपरं वाढली आणि फोटो बिघडतात, अशी तक्रार मी जाण्यापूर्वी पुष्कळदा वाचली होती. मला ती मुळीच पटत नाही. जुनं इफुगाओ घर देखणं आहे यात शंका नाही. चार खांब, खिळा नाही, प्रत्येक खांबावर उंदीर चढू नये म्हणून बसवलेली लाकडी चकती, वर गवताचं उतरतं छप्पर. आतल्या चुलीचा धूर छप्पर आणि वर ठेवलेलं धान्य दोन्ही टिकवतो. पण गवत गोळा करून ते छप्पर पुनःपुन्हा शाकारावं लागतं, आणि शाकारायला घरात माणसं लागतात. मुलं शाळेत आणि तरुण शहरात असताना एखाद्या घराने पत्रा टाकला तर बाहेरून आलेल्या माणसाने त्यावर नाराज व्हायचं कारण नाही. आम्ही राहिलो ते घरही पत्र्याचंच. अंथरूण स्वच्छ, गरम पाणी बादलीतून, रात्री गारठा, आणि पहाटे कोंबड्यांचा भरपूर आवाज.

जेवण साधं आणि पोटभर. शाकाहारी मंडळींनी आधी सांगून ठेवावं, म्हणजे भात, अंडं, चायोटे या वेलभाजीचे कोवळे शेंडे आणि रताळ्याच्या पाल्याची भाजी हमखास मिळते. वर्षाला एकच पीक देणारा तिनावोन हा तिथला जुना भात. तो काम्बुलोत एकदा ताटात आला, लालसर आणि सुवासिक. नेहमीच्या जेवणात मात्र सपाटीवरून विकत आणलेला तांदूळ असतो, कारण एवढ्या कष्टानंतरही खाचरांतला भात बऱ्याच घरांना वर्षभर पुरत नाही. ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते.

आमच्यातल्या एकाने हुदहुद ऐकायची इच्छा बोलून दाखवली. हुदहुद म्हणजे इफुगाओंची दीर्घ कथागीतं. पेरणी-कापणीच्या वेळी आणि मृताच्या जागरणात ती म्हटली जातात, आणि गाण्याची धुरा बहुधा वयस्कर बाईकडे असते. २००१ मध्ये युनेस्कोनेही त्यांची दखल घेतली. गाइडने शांतपणे सांगितलं की आता ना कापणी आहे, ना कुणाच्या घरी जागरण, तेव्हा हुदहुद म्हणायला लावणार नाही. त्याने पैसे घेऊन कुणाला तरी बसवलं असतं तर आम्ही आनंदाने ऐकलं असतं. त्याने तसं केलं नाही, याबद्दल मला त्याचा आदर वाटतो. बानावेत पर्यटकांसाठी पारंपरिक पोशाखात फोटोला उभी राहणारी वृद्ध मंडळी दिसतात. त्यांचा तो चरितार्थ आहे, फोटो काढलात तर पैसे द्या.

कमी पडलेल्या गोष्टीही सांगते. दोन मुक्काम अपुरे आहेत. काम्बुलोत आणखी एक रात्र हवी होती, आम्ही पोचलो तोवर अंधारत आलं होतं. शेवटचा टप्पा, बांगानहून डांबरी रस्त्याने गाडीपर्यंतचा, कंटाळवाणा आहे, तिथे सरळ ट्रायसिकल, म्हणजे मोटारसायकलला जोडलेली तीनचाकी रिक्षा, घ्यावी. वाटेवर पर्यटकांनी टाकलेल्या प्लास्टिकच्या बाटल्या दिसतात. पाणी गाळायची बाटली सोबत नेलीत तर तुमच्याकडून तरी भर पडणार नाही. बातादसाठीचा रस्ता आता सॅडल नावाच्या खिंडीपलीकडे बराच खाली आला आहे. ट्रेक करणाऱ्यांना तो खटकतो, पण आजारी माणूस आणि तांदळाची पोती त्या वाटेने पाठीवरून वाहणाऱ्यांना विचारा. मी रस्त्याच्या बाजूची आहे.

परतल्यावरही गाइड अधूनमधून मेसेज करतो. जुलैत त्याने कापणीचे फोटो पाठवले. बायका एकेक लोंबी हाताने कापताहेत, पुरुष जुड्या काठीला बांधून वाहताहेत. त्यानंतरच्या पावसात त्याच्या मामाच्या खाचराची भिंत गेली. आम्ही ज्या बांधावर बसून भात खाल्ला होता, तीच. शेजारपाजारची माणसं सावडीने येऊन ती पुन्हा रचताहेत. दगड खालून वर आणायला सर्वांत जास्त दिवस जातात, असं त्याने कळवलं. ट्रेकचे पैसे थेट त्याच्या हाती दिले होते, मध्ये कुणी दलाल नव्हता, याचं समाधान त्या दिवशी वाटलं.

जायचं असेल तर वेळ विचारपूर्वक निवडा. लावणी साधारण जानेवारी-फेब्रुवारीत असते, तेव्हा खाचरांत आभाळ दिसतं. एप्रिल-मेमध्ये सगळं हिरवंगार. जून-जुलैत कापणी, उंचीप्रमाणे थोडी पुढेमागे. त्यानंतर वादळी पाऊस आणि दरडी, ते महिने टाळा. मनिलाहून रात्रीच्या बसने बानावेला सुमारे नऊ तास लागतात आणि एसी फार थंड असतो, स्वेटर जवळ ठेवा. बानावेत उतरल्यावर पर्यटन कार्यालयात नोंद करून पर्यावरण शुल्क भरायचं, गाइडचे दर तिथेच विचारून घ्यायचे आणि गाइड कुठल्या गावचा आहे हे स्पष्टपणे विचारायचं. पुढच्या गावांत एटीएम नाही, त्यामुळे गाइड, मुक्काम आणि जेवण धरून लागतील तेवढे पेसो सुट्यांसह आधीच काढून ठेवा.