बेरीज-वजाबाकीची त्रिकोणी कार्डे : सात महिन्यांच्या वापरानंतर

मार्चच्या पहिल्या आठवड्यात दुसरीत शिकणारी माझी नात गृहपाठाच्या वहीत १५ − ८ या एकाच वजाबाकीपाशी सलग चार दिवस अडली, आणि त्यातूनच हा अभिप्राय लिहिण्याची वेळ आली. १४ − ६, १६ − ९, १३ − ७ यांची उत्तरे ती न थांबता लिहीत होती. पंधरातून आठ वजा करायचे म्हटले की मात्र डावा हात टेबलाखाली जायचा आणि बोटे मोजली जायची. सराव कमी पडतो आहे असे समजून मी तिला दोनदा रागावलो. त्याचे आता वाईट वाटते, कारण त्या वजाबाकीचे, म्हणजे ७-८-१५ चे कार्ड आमच्या संचाच्या खोक्यात पहिल्या दिवसापासून नव्हतेच.

कार्डांची रचना बहुतेक पालकांना माहीत असेल. त्रिकोणाच्या वरच्या कोपऱ्यात बेरीज आणि खालच्या दोन कोपऱ्यांत मिळवायच्या दोन संख्या छापलेल्या असतात. अंगठ्याने वरचा कोपरा झाकला की बेरीज विचारली जाते, खालचा एखादा झाकला की वजाबाकी. ५, ८ आणि १३ या तिघांचे एक कुटुंब, आमच्या नातीच्या भाषेत एक 'घर'. दिवाळीच्या सुट्टीत कोल्हापूरच्या महाद्वार रोडवरच्या एका दुकानातून मी हा संच २७० रुपयांना घेतला. १ ते ९ या संख्यांच्या जोड्यांची ४५ कार्डे, म्हणजे एक कार्ड बरोबर सहा रुपयांना पडले. जाडी बरी आहे, कोपरे गोल केलेले आहेत, पावसाळी हवेत वरचे प्लास्टिक थोडे सुटते. रंकाळा तलावावर कार्डे घेऊन बसू नये, वारा ती पाण्यापर्यंत पोहोचवतो.

कल्पना मला मनापासून पटली होती. आमच्या पिढीने तीसपर्यंतचे पाढे, शिवाय पावकी, निमकी, पाऊणकी आणि दिडकी घोकली. परंतु बेरीज-वजाबाकीचा पाढा आम्हाला कोणी शिकवला नाही, ती बोटांवरच राहिली. पाढ्याची दिशाही एकच असते. 'सात आठे छप्पन्न' झोपेतही म्हणता येते, पण छप्पन्नात सात किती वेळा, असे विचारल्यावर सात एके सातपासून पुन्हा जिना चढावा लागतो. त्रिकोणी कार्डात ही अडचण राहत नाही, कारण तिन्ही संख्या एकदमच समोर असतात आणि जाता-येता दोन्ही वाटा दिसतात. रात्रीच्या जेवणाआधी दहा मिनिटे याप्रमाणे डिसेंबरअखेरपर्यंत नातीची दहाच्या आतली घरे पक्की झाली, आणि मी शेजारच्या दोघांना हा संच घ्यायला सांगितला.

जानेवारीत माझे मत बदलले. बेरजेचा आकडा सगळ्या कार्डांवर लाल रंगात आणि बाकीचे दोन काळ्या रंगात छापलेले आहेत. वहीत ९ + ☐ = १४ असे आले तेव्हा नातीने चौकोनात शांतपणे २३ लिहिले. कसे काढलेस, असे विचारल्यावर ती म्हणाली, "लाल झाकलं की मिळवायचं, काळं झाकलं की वजा करायचं. इथं लाल कुठाय? आणि मधे मिळवायची खूण आहे." दोन महिने जे चटचट उत्तर म्हणून मी कौतुकाने ऐकत होतो, त्यात निम्मा वाटा रंगाचा होता. त्या रात्री मी काळ्या मार्करने सगळे लाल आकडे काळे केले आणि कार्ड हवे तसे फिरवून धरू लागलो, म्हणजे बेरीज नेहमी वरच असते हाही आधार राहिला नाही. आठवडाभर ती चिडली, कारण तिन्हींपैकी मोठी संख्या कोणती आणि ती झाकलेली आहे की दिसते आहे, हे आता तिलाच ठरवावे लागत होते. पुढे मात्र वहीतले चौकोनही बरोबर येऊ लागले.

आता मूळ तक्रारीकडे येतो. त्या चार दिवसांनंतर मी सगळी कार्डे जमिनीवर पायऱ्यांसारखी मांडली : पहिल्या ओळीत १ च्या नऊ जोड्या, दुसरीत २ च्या उरलेल्या आठ, असे करत शेवटी ९ आणि ९ चे एकटे कार्ड. सातव्या ओळीत तीन कार्डे हवी होती, तिथे दोनच होती. ७-८-१५ गायब, आणि ६-८-१४ मात्र दोन. मी बत्तीस वर्षे बँकेत रोखपाल होतो. बंडलात शंभर नोटा भरल्या एवढ्यावरून ते बंडल बरोबर ठरत नाही, हे ज्याला कळत नाही त्याने मुलांच्या गणिताची खोकी भरू नयेत. खोक्यावर '१८० उदाहरणे' असे ठळक छापले आहे, तेही चूकच. ४-४-८ सारख्या नऊ जुळ्या कार्डांतून चार नव्हे, दोनच उदाहरणे निघतात. ३६ कार्डांची प्रत्येकी चार म्हणजे १४४, अधिक नऊ जुळ्यांची १८, एकूण १६२. आणि आमच्या वाट्याला आली १५८.

दुकानदाराने काउंटरवरच कार्डे मोजली आणि म्हणाला, "काका, पंचेचाळीस भरली की. कमी कुठं हाय?" मी दोन सारखी कार्डे दाखवली तेव्हा त्याचे लक्ष मार्करच्या खुणांकडे गेले, आणि रंगवलेला माल परत घेता येत नाही असे त्याने सांगितले. उत्पादकाच्या ग्राहक क्रमांकावर संदेश पाठवला, तर पूर्ण संच स्वखर्चाने कुरिअर करा, तपासून कळवू, असे उत्तर आले. सहा रुपयांच्या कार्डासाठी ऐंशी रुपयांचे कुरिअर करण्याइतका मी अजून म्हातारा झालेलो नाही.

त्या कार्डावाचून नातीचे काय झाले हे पाहण्यासारखे होते. ७ + ८ ही बेरीज तिने स्वतःच लावली होती : सात आणि सात चौदा, वर एक, पंधरा. वजाबाकीला मात्र तो आधार उलटा वापरावा लागतो, तो तिला सुचला नव्हता. म्हणजे कार्ड नसल्यामुळे बेरजेत तिचे डोके चालले आणि वजाबाकीत बोटे. याचे श्रेय मी उत्पादकाला अर्थातच देणार नाही.

मी एका जाड लग्नपत्रिकेतून त्रिकोण कापला आणि ७-८-१५ लिहिले. दोन दिवस उत्तरे फटाफट आली. तिसऱ्या दिवशी लक्षात आले की पाठीमागचा सोनेरी गणपती गठ्ठ्यात डोकावताच ती अंगठा कुठे आहे हे नीट न पाहताच काहीतरी म्हणून टाकत होती, सात नाहीतर आठ. ते कार्ड रद्द केले.

मेच्या सुट्टीत तिनेच जास्तीचे ६-८-१४ कार्ड उचलले, वहीच्या पानाचे दोन लहान तुकडे कापले, खळ लावून ६ वर ७ आणि १४ वर १५ चिकटवले. आठावर काही का चिकटवले नाहीस, असे मी मुद्दाम विचारले.

"आठ राहू दे की तिथंच, आजोबा. सहाचं सात केलं म्हणून चौदाचं पंधरा झालं."

खोक्यात आता पंचेचाळीस कार्डे आहेत आणि घरेही पंचेचाळीस. पाचपैकी तीन तारे देतो आहे. कापलेल्या दोनपैकी एक लाल शाईचा आणि दुसरा त्या सहा रुपयांचा.