ब्लूबेरी: उंच जात लावावी की मध्यम?

थंड हवामानातल्या परसबागेसाठी ब्लूबेरी निवडताना बहुतेकांचं मन दोन गटांत अडकतं: 'ब्लूक्रॉप', 'ड्यूक' या उंच जाती, की 'नॉर्थब्लू', 'नॉर्थस्काय' या मध्यम उंचीच्या संकरित जाती? उत्पन्नाकडे पाहून ठरवू नका. आधी तुमच्याकडचा हिवाळा पाहा.

उंच जातीचं झुडूप दीड ते दोन मीटर वाढतं, फळं टपोरी येतात आणि जम बसला की एका झुडपापासून दोन-तीन किलो फळ मिळतं. अडचण एवढीच की फळकळ्या असतात गेल्या हंगामातल्या फांद्यांच्या शेंड्यांवर. पारा उणे तीसकडे गेला की बर्फाच्या वर राहिलेले हेच शेंडे आधी मरतात. झाड जगतं, पीक जातं. मिनेसोटा विद्यापीठाने 1983 मध्ये आणलेल्या 'नॉर्थब्लू' आणि 'नॉर्थस्काय' बुटक्या असल्याने बर्फाखाली दडून वाचतात. फळ कमी येतं, पण दरवर्षी येतं. पक्ष्यांपासून राखायला जाळी टाकणंही सोपं.

हिवाळा इतका कडक नसेल, तर मी बिनदिक्कत 'ड्यूक' लावायला सांगेन. ती उशिरा फुलते, त्यामुळे वसंतातल्या दंवातून बरेचदा निसटते, आणि तरीही फळ लवकर तयार होतं. उन्हाळा छोटा असेल तिथे हे फार मोलाचं. जोडीला त्याच सुमारास फुलणारी दुसरी जात असली की फळं मोठी होतात.

मातीच्या बाबतीत मात्र दोन्ही सारख्याच हट्टी. सामू (pH, म्हणजे मातीची आम्लता दाखवणारा आकडा) 4.5 ते 5.5 हवा, त्यापेक्षा जास्त असला की पानं पिवळी पडतात, शिरा तेवढ्या हिरव्या राहतात. सामू थोडाच जास्त असेल तर लागवडीच्या आदल्या वर्षी गंधक मिसळा. चुनखडीची जमीन असेल तर तिच्याशी झगडू नका, मध्यम जात मोठ्या कुंडीत लावा. फक्त कडक थंडीत कुंडी आडोशाला हलवा, कारण तिथे मुळंही गारठतात.

काढणीची घाई दोन्हीकडे नडते. फळ निळं झालं म्हणजे पिकलं असं नाही. देठापाशी लालसर कडा दिसत असेल तर आणखी काही दिवस थांबा. तोडल्यावर गोडी वाढत नाही. पिकलेलं फळ अंगठ्याने नुसतं लोटलं तरी हातात येतं. घोस एकदम पिकत नाही, म्हणून चार-पाच दिवसांनी पुन्हा फेरी मारा.